एक्सप्लेनर : १३ हजार गिल्डरचं घर, १९ वर्षं आणि शेवटी लिलाव, रेम्ब्रांच्या गृहकर्जाचा हिशेब काय सांगतो?

घर घेताना आपण साधारण तीन आकडे पाहतो. घराची किंमत, व्याजाचा दर आणि महिन्याचा हप्ता. हे तिन्ही झेपतात असं वाटलं की सही होते. पण त्या घराची खरी किंमत या तीन आकड्यांत दिसत नाही. ती ठरते चौथ्या आकड्यावर, म्हणजे मुद्दल किती वर्षं डोक्यावर राहतं यावर.

हे समजून घ्यायला सुमारे पावणेचारशे वर्षांपूर्वीचं एक उदाहरण फार उपयोगी आहे. कर्जदार होता जगातल्या सर्वांत मोठ्या चित्रकारांपैकी एक, रेम्ब्रां. त्याच्या घराची सगळी कागदपत्रं ॲमस्टरडॅममध्ये जपली गेली. त्यामुळे त्याने कधी किती दिले, किती थकवले आणि शेवटी काय गमावलं, हे आजही आकड्यांत सांगता येतं.

रेम्ब्रां कोण होता?

रेम्ब्रांचा जन्म १५ जुलै १६०६ रोजी नेदरलँड्समधल्या लायडन शहरात झाला. वडिलांची धान्य दळायची पवनचक्की होती. घर खाऊन-पिऊन सुखी, पण श्रीमंत नव्हे. चित्रकला शिकून त्याने लायडनमध्ये नाव कमावलं आणि १६३१च्या सुमारास तो ॲमस्टरडॅमला आला.

त्या काळी ॲमस्टरडॅम म्हणजे पैशाचं शहर. डच ईस्ट इंडिया कंपनीची जहाजं मसाले, कापड आणि चिनी मातीची भांडी घेऊन तिथे येत. याच कंपनीने १६३७ मध्ये आपल्या कोकणात वेंगुर्ल्याला वखार उघडली होती. व्यापारी श्रीमंत झाले होते आणि प्रत्येकाला भिंतीवर स्वतःचं चित्र हवं होतं. रेम्ब्रां हेंड्रिक आयलेनबर्ख या चित्रविक्रेत्याकडे काम करू लागला आणि काही वर्षांतच शहरातला सर्वांत मागणी असलेला व्यक्तिचित्रकार झाला.

१६३४ मध्ये त्याचं लग्न आयलेनबर्खच्या नात्यातल्या सास्कियाशी झालं. ती सधन घरातली होती. तिच्या वाट्याला वारशाचा चांगला पैसा आला होता. नवरा-बायको दोघांकडे पैसा, हातात भरपूर काम आणि वय तिशीच्या आसपास. आजच्या भाषेत सांगायचं तर बँकेला आवडेल असं प्रोफाइल.

घर कसं घेतलं?

५ जानेवारी १६३९ रोजी रेम्ब्रांने घराच्या करारावर सही केली. घर आयलेनबर्खच्या घराला लागूनच होतं. रस्ता चांगला, शेजारी व्यापारी आणि कलावंत. किंमत ठरली १३,००० गिल्डर. गिल्डर हे तेव्हाचं डच चलन.

ही रक्कम किती मोठी होती? कुशल कारागिराची वर्षभराची कमाई तेव्हा ३०० गिल्डरच्या आसपास असे. म्हणजे हे घर एका कारागिराच्या चाळीसहून अधिक वर्षांच्या कमाईएवढं होतं.

त्या काळी आजच्यासारख्या गृहकर्ज देणाऱ्या बँका नव्हत्या. विकणाराच हप्ते बांधून देई. कराराच्या अटी अशा होत्या :

- किमतीचा एक चतुर्थांश भाग, म्हणजे ३,२५० गिल्डर, सुमारे वर्षभरात तीन टप्प्यांत द्यायचा. १,२००, पुन्हा १,२०० आणि शेवटी ८५०.
- उरलेले ९,७५० गिल्डर पाच-सहा वर्षांत, जमेल तसे फेडायचे.
- फिटेपर्यंत शिल्लक रकमेवर वर्षाला ५ टक्के व्याज.

पाच टक्के हा दर तेव्हाच्या मानाने जाचक नव्हता आणि मुदतही लांब नव्हती. पण एक गोष्ट लक्षात घ्या. दर महिन्याला ठरलेली रक्कम भरण्याचं बंधन या करारात नव्हतं. कर्जदाराला ही सवलत वाटते. पुढचा सगळा घोळ याच सवलतीतून झाला.

सही करताना गणित काय होतं?

आपण सोपा हिशेब करू. ९,७५० गिल्डर सहा वर्षांत सारख्या भागांत फेडले असते, तर व्याज होतं सुमारे १,७०६ गिल्डर. म्हणजे १३,००० चं घर १४,७०६ ला पडलं असतं. हा काही वाईट सौदा नाही.

आता दुसरी बाजू. मुद्दलाला हातच लावला नाही आणि फक्त व्याज भरत राहिलं, तर वर्षाला ४८७.५ गिल्डर जातात. हे एकटं व्याजच कारागिराच्या वर्षाच्या कमाईपेक्षा जास्त. असं १३ वर्षं चाललं तर ६,३३७ गिल्डर जातात आणि मुद्दल जसंच्या तसं ९,७५० उरतं.

घर तेच आणि दरही तोच. एका हिशेबात व्याज १,७०६, दुसऱ्यात ६,३३७ आणि वर कर्ज कायम. फरक फक्त वेळेचा.

रेम्ब्रांने सही करताना येणाऱ्या पैशांवर भिस्त ठेवली होती. त्याच जानेवारीत त्याने डच राजपुत्र फ्रेडरिक हेंड्रिकसाठी काढलेली दोन चित्रं पाठवली आणि पैसे लवकर मिळावेत म्हणून दरबारातल्या सचिवाला पत्रं लिहिली. प्रत्येक चित्राचे हजार गिल्डर मिळतील अशी त्याची अपेक्षा होती. मिळाले सहाशे. चौकटींचा खर्च धरून दोन्हींचे १,२४४. अपेक्षित उत्पन्नावर हप्ता बेतला की काय होतं, त्याचा हा पहिला इशारा होता.

मग पैसे गेले कुठे?

रेम्ब्रां गरीब होता म्हणून कर्ज थकलं, असा समज आहे. तो खरा नाही. सुरुवातीची वर्षं त्याची कमाई चांगली होती. १६४२ मध्ये पूर्ण झालेल्या ‘नाइट वॉच’ या प्रचंड चित्राचे त्याला १,६०० गिल्डर मिळाले. शिकायला येणारे विद्यार्थी फी देत.

पण त्याला संग्रहाचा नाद होता. लिलावात तो चित्रं, जुनी छापचित्रं, पुतळे, शस्त्रं, शंख-शिंपले, दूरदेशीच्या वस्तू विकत घेई. चित्रांसाठी त्यांचा उपयोग होई हे खरं, पण पैसा अडकून पडे. घराचं व्याज रोज वाढत होतं आणि हातातला पैसा भिंतीवर आणि कपाटात जात होता.

घरातही एकामागून एक आघात झाले. आधीची तीन मुलं तान्हेपणीच गेली होती. १६४१ मध्ये जन्मलेला टिटस तेवढा जगला. १४ जून १६४२ रोजी, ‘नाइट वॉच’च्याच वर्षी, सास्किया गेली. ती अवघी २९ वर्षांची होती.

तिच्या मृत्युपत्राने घराच्या हिशेबात एक नवा धनको आला. तो म्हणजे स्वतःचा मुलगा. सास्कियाने आपला अर्धा हिस्सा टिटसच्या नावे केला होता. रेम्ब्रांला तो पैसा वापरायची मुभा होती, पण त्याने पुन्हा लग्न केलं तर ती मुभा संपणार होती. १६४७ मध्ये सासरच्या मंडळींच्या आग्रहाने मालमत्तेची मोजदाद झाली. एकूण किंमत धरली गेली ४०,७५० गिल्डर. टिटसचा वाटा २०,३७५.

कागदावर हा माणूस श्रीमंत होता, पण रोख हातात नव्हती. घर, चित्रं, संग्रह हे सगळं धरून संपत्ती होती, आणि त्यातलं अर्धं मुलाचं होतं. पुढे हेंड्रिक्ये स्टॉफल्स ही त्याची सहचरी झाली. त्यांना १६५४ मध्ये मुलगी झाली. तरी त्यांनी लग्न केलं नाही. लग्न केलं असतं तर टिटसचा वाटा वेगळा काढून द्यावा लागला असता, हे त्यामागचं एक कारण अभ्यासक सांगतात. अविवाहित राहिल्याबद्दल चर्चच्या मंडळाने हेंड्रिक्येला बोलावून दोषी ठरवलं. अडकलेल्या पैशाची ही किंमत कुठल्याही व्याजाच्या तक्त्यात दिसत नाही.

१४ वर्षांनंतर किती बाकी होती?

पाच-सहा वर्षांची मुदत १६४५-४६ च्या सुमारास संपली. विक्रेता ख्रिस्तोफेल थाइस थांबला. व्यक्तिचित्रांची कामं कमी झाली होती आणि १६४९ च्या सुमारास रेम्ब्रांने पैसे देणंच बंद केलं. तरीही काही बिघडलं नाही. घर होतं, नाव होतं, शिष्य येत होते.

मग १६५२ मध्ये इंग्लंडशी युद्ध पेटलं. डच जहाजं अडकली, व्यापार मंदावला आणि शहरात रोकड आटली. जो तो आपली येणी वसूल करू लागला. १६५३ च्या सुरुवातीला थाइसनेही हिशेब पुढे केला. मुद्दल, थकलेलं व्याज आणि कर धरून सुमारे ८,४७० गिल्डर.

हा आकडा पुन्हा वाचा. १४ वर्षं घरात राहून, हजारो गिल्डर भरून, देणं उरलं होतं मूळ किमतीच्या ६५ टक्के.

याच सुमारास शेजारच्या घराचं मोठं काम निघालं. सामायिक भिंत आणि पाया यांच्या खर्चावरून रेम्ब्रांचा शेजाऱ्याशी वाद झाला. ॲमस्टरडॅमची घरं दलदलीत ठोकलेल्या लाकडी खांबांवर उभी आहेत. घर खचणं, दुरुस्ती, कर हे सगळं किमतीच्या पलीकडचं होतं. करार करताना हे खर्च कोणी मोजत नाही, आणि ते येतात नेमके हात आखडलेले असताना.

कर्ज फेडायला नवं कर्ज

१६५३ च्या पहिल्या तीन महिन्यांत रेम्ब्रांने तीन ठिकाणांहून पैसे उचलले :

- कॉर्नेलिस विट्सेन या वजनदार नागरिकाकडून ४,१८० गिल्डर
- इसाक फान हर्ट्सबीक या व्यापाऱ्याकडून ४,२०० गिल्डर
- मित्र यान सिक्स याच्याकडून १,००० गिल्डर, बिनव्याजी

एकूण ९,३८० गिल्डर. म्हणजे थाइसच्या बिलापेक्षा जास्त. त्यातून थाइसचं बहुतेक देणं भागलं, पण थोडी बाकी उरलीच.

वरवर पाहता सुटका झाली. प्रत्यक्षात जुनं कर्ज थांबणाऱ्या माणसाकडे होतं. नवी मोठी कर्जं वर्षभरात परत करायची होती. रक्कम जवळपास तेवढीच, पण मुदत आटली. आज पर्सनल लोन किंवा क्रेडिट कार्डावरून पैसे काढून घराचा हप्ता भरला की हेच होतं.

मैत्रीही पणाला लागली. यान सिक्सचं सुंदर व्यक्तिचित्र रेम्ब्रांने १६५४ मध्ये काढलं. पण पुढे सिक्सने आपलं येणं दुसऱ्या सावकाराला विकलं. त्याने तगादा लावला आणि भुर्दंड पडला जामीन राहिलेल्या लोडेवाइक फान लुडिक याला. जामीनदाराची सही ही औपचारिकता नसते, ती अशी.

१६५६ : दिवाळखोरी

१७ मे १६५६ रोजी रेम्ब्रांने घर टिटसच्या नावे केलं. मुलाचा हक्क वाचवायची ही धडपड होती. धनको अर्थातच चिडले. जुलैमध्ये त्याने आपली सगळी मालमत्ता स्वतःहून धनकोंच्या हवाली करण्याचा अर्ज केला. सरळ दिवाळखोरीपेक्षा हा मार्ग सौम्य होता. तुरुंग टळत असे आणि व्यापारातल्या, समुद्रावरच्या नुकसानीमुळे हे घडलं असं कारण देता येत असे.

२५ आणि २६ जुलैला अधिकारी घरी आले आणि खोली-खोलीतून फिरून यादी केली. ३६३ नोंदी. चित्रं, पुतळे, शस्त्रं, पुस्तकं, स्वयंपाकघरातली भांडी, अगदी धुवायला गेलेले कपडेसुद्धा. आज कलेच्या इतिहासकारांना ही यादी खजिन्यासारखी वाटते. त्या घरासाठी ती जप्तीची यादी होती.

संग्रहाचा लिलाव झाला. मंदीच्या बाजारात सगळेच विकायला बसले होते, त्यामुळे वर्षानुवर्षं जमवलेल्या गोष्टी फार कमी किमतीत गेल्या. १६५८ मध्ये घरही गेलं. किंमत आली ११,२१८ गिल्डर. १९ वर्षांपूर्वीच्या खरेदीपेक्षा १,७८२ ने कमी.

घराचे भाव वाढतच राहतात, हा विश्वास आजचा नाही. तो तेव्हाही होता. पण विकायची वेळ आपण ठरवली तर भाव आपला असतो. धनकोंनी ठरवली तर नसतो.

पैसे कोणाला मिळाले?

विट्सेन त्याच वर्षी शहराचा बर्गोमास्टर झाला. त्याला त्याचे ४,१८० गिल्डर पुरते मिळाले. हर्ट्सबीकलाही आधी पैसे मिळाले. पण टिटसच्या पालकांनी दावा लावला की आईच्या वारशाचा हक्क या कर्जाच्या आधीचा आहे. खटला कित्येक वर्षं चालला. अखेर निकाल टिटसच्या बाजूने लागला आणि हर्ट्सबीकला पैसे परत करावे लागले. १६६५ मध्ये टिटसच्या हाती पडले ६,९५२ गिल्डर. २०,३७५ च्या वाट्यापैकी जेमतेम एक तृतीयांश.

म्हणजे १६३९ ला तिशीतल्या बापाने केलेल्या कराराची सर्वांत मोठी किंमत, तेव्हा जन्मालाही न आलेल्या मुलाने मोजली.

त्यानंतर काय झालं?

कुटुंब रोझनग्राख्त या साध्या वस्तीत भाड्याच्या घरात गेलं. भाडं वर्षाला २२५ गिल्डर. जुन्या घराच्या सुरुवातीच्या वार्षिक व्याजाच्या निम्म्याहून कमी.

डिसेंबर १६६० मध्ये हेंड्रिक्ये आणि टिटस यांनी चित्रविक्रीची भागीदारी केली. रेम्ब्रां त्यांचा नोकर झाला. राहणं-खाणं त्यांनी द्यायचं आणि त्याने काढलेली चित्रं भागीदारीच्या मालकीची. धनकोंचा हात नव्या कमाईपर्यंत पोहोचू नये, यासाठीची ही व्यवस्था होती. युरोपातला एवढा मोठा चित्रकार पन्नाशी उलटल्यावर मुलाच्या कंपनीत कामगार झाला.

१६६२ मध्ये त्याला सास्कियाची थडग्याची जागाही विकावी लागली. १६६३ मध्ये हेंड्रिक्ये गेली. १६६८ मध्ये, लग्नानंतर काही महिन्यांतच, टिटस गेला. ४ ऑक्टोबर १६६९ रोजी रेम्ब्रांचा मृत्यू झाला. वेस्टरकेर्क चर्चमध्ये, नाव नसलेल्या भाड्याच्या जागेत त्याला पुरलं.

चित्रं मात्र थांबली नव्हती. दिवाळखोरीच्या त्याच काळात त्याने मुघल लघुचित्रं पाहून रेखाटनं केली. त्यांपैकी वीसहून अधिक आज शिल्लक आहेत आणि त्यांत शाहजहान आहे. त्याची अत्यंत थोर मानली जाणारी काही चित्रं याच भाड्याच्या घरातली आहेत. पण म्हणून कर्जाने कला घडवली, असं म्हणणं बरोबर नाही. चित्रं त्याच्या हातची होती, कर्जाने फक्त त्यांचे पैसे नेले.

आजच्या कर्जदाराने यातून काय घ्यायचं?

आपला हप्ता दर महिन्याला कापला जातो, त्यामुळे रेम्ब्रांसारखी मोकळीक आपल्याला नाही. हे आपल्या फायद्याचंच आहे. पण वेळेचं गणित तेच आहे. ५० लाखांचं कर्ज, ८.५ टक्के दर आणि २० वर्षं मुदत धरून पाहू :

- हप्ता सुमारे ४३,३९१ रुपये. पहिल्या हप्त्यात व्याज ३५,४१७ आणि मुद्दल फक्त ७,९७४.
- २० वर्षांत एकूण भरणा सुमारे १ कोटी ४ लाख. म्हणजे व्याज ५४ लाख, मुद्दलापेक्षा जास्त.
- १० वर्षं एकही हप्ता न चुकवता भरला तरी बाकी सुमारे ३५ लाख. अर्धी मुदत संपली, कर्ज फिटलं ३० टक्के.
- मुदत ३० वर्षं केली तर हप्ता ३८,४४६ वर येतो. महिन्याला पाच हजार वाचतात, पण एकूण व्याज ८८ लाखांवर जातं.

दर वाढला की बँका बऱ्याचदा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवतात. याच कर्जाचा दर सुरुवातीलाच ९.५ टक्के झाला आणि हप्ता तोच राहिला, तर २४० ऐवजी सुमारे ३०९ महिने लागतात. खात्यातून कापली जाणारी रक्कम बदलत नाही, म्हणून पावणेसहा वर्षं वाढल्याचं अनेकांच्या लक्षातही येत नाही. म्हणून दर बदलला की बँकेकडून नवा परतफेडीचा तक्ता मागून घ्या आणि शेवटच्या हप्त्याची तारीख पाहा.

उलटा उपायही वेळेचाच. वर्षाला एक हप्ता जादा भरला तर हेच २० वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांच्या आसपास संपतं आणि सुमारे १० लाखांचं व्याज वाचतं. फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड बँका आकारू शकत नाहीत. बोनस, वाढलेला पगार, सुटलेली एफडी यातला काही भाग पहिल्या वर्षांत मुद्दलात गेला तर त्याचा फायदा सर्वांत जास्त होतो.

याशिवाय हिशेबात धरायच्या गोष्टी म्हणजे मुद्रांक शुल्क, नोंदणी, मेंटेनन्स, मालमत्ता कर आणि दुरुस्ती. सहा महिन्यांचे हप्ते बाजूला असू द्या. घर कर्जात असताना कमावत्या माणसाचं काही झालं तर मुलांच्या वाट्याचं काय होईल, याचीही सोय कागदावर करून ठेवा. पुरेसा टर्म इन्शुरन्स हे त्याचं साधं उत्तर आहे.

रेम्ब्रांचं ते घर आज ॲमस्टरडॅममध्ये उभं आहे. १९११ पासून तिथे संग्रहालय आहे. १६५६ च्या जप्तीच्या यादीवरून खोल्या पुन्हा तशाच लावल्या आहेत. कुठल्या खोलीत कुठलं चित्र होतं, कुठे शिंपले होते, हे त्या अधिकाऱ्यांनी लिहून ठेवलं म्हणून आज कळतं. जे घर त्याला आयुष्यभर फेडता आलं नाही, त्याच्या दारावर आता त्याचंच नाव आहे.